वकीलसाहेब निवडून आले

"तू तिथंच बस, जोड्यांपाशी. आत मोठी मंडळी आहेत."

हे वकीलसाहेब बोलले. मला. शहरात, मस्तगडातल्या त्यांच्या घरात.

मी बसले न्हाई. उंबऱ्याबाहेर उभी राह्यले.

निजामाचं राज गेलं तवा हाच माणूस आमच्या वाटूरच्या महारवाड्यात आल्ता. भर दुपारी, गावाच्या देखत माझ्या चुलीपाशी बसला. माझ्या हातची भाकर खाल्ली. म्हणला, "ताई, गायरान कसणाऱ्याचं. आपला पक्ष लहान आहे, पण कुणाच्या बापाला भिणारा नाही."

माझ्या डोळ्याला पाणी आलं. आजवर असं कोण आल्तं आमच्यात?

त्याच्या शब्दावर आम्ही गायरान नांगरलं. मार खाल्ला. माझा नवरा जेलात जाऊन आला. निवडणूक लागली तशी मी गावोगाव त्याच्या सभेत गाणे म्हणले. अनवाणी, पोटात लेकरू. साहेब निवडून आले. गुलालात बाया बेभान नाचल्या, मीबी नाचले.

मंग साहेबांनी पक्ष मोठ्या पक्षात नेऊन घातला. आम्हाला कुणी इचारलं बी न्हाई. शाळेच्या मास्तरानं पेपर वाचून सांगितलं तवा कळलं. तरी मी म्हणले, साहेब हायेत, बराबर करतील.

आन् आता गादीवर, लोडाला टेकून, चहा पीत आमच्या गावचा पाटील बसल्याला. आदल्या दिवशी त्यानंच आमच्या उभ्या जवारीत ढोरं घातली. नवरा आडवा गेला तर त्याचं डोकं फोडलं.

"साहेब, ह्यानंच केलं. माझा माणूस दवाखान्यात पडलाय."

साहेबांनी माझ्याकडं बघितलं न्हाई. "पाटील आता आपलेच आहेत. गायरानाचा नाद सोडा."

"तुमीच म्हणल्ते, कसणाऱ्याचं."

"तेव्हाची गोष्ट वेगळी." मंग आत तोंड करून म्हणले, "हिला भाकरी द्या गं. लांबून आलीय."

आतून एक बाई आली. भाकर उंच धरली, वरून सोडायला. मी पदर पुढं केला न्हाई. भाकर जोड्यांवर पडली.

"साहेब, माझ्या घरी तुमी खाल्ली, तवा मी वरून टाकली न्हवती."

पाटलाचा कप हातातच राह्यला.

मी पायऱ्या उतरले. रस्त्यावर आल्यावर रडले. पाटलापायी न्हाई. पाटील वैरीच होता, वैऱ्यासारखा वागला. ह्याला मी भाऊ म्हणल्ते.

पुढच्या पेरणीला गायरानात आम्ही पुन्हा तिफण घातली. बैल न्हवते. आम्ही बायांनीच ओढली. दुपारी पोलीस आले. फौजदारानं इचारलं, "तुमचा पुढारी कोण?"

बाया सवयीनं वकीलसाहेबाचं नाव घ्यायच्या आधी मी पुढं झाले.

"मी. लिहा माझं नाव."