उसनं संगीत

चूक माझीच होती. ब्रेंटच्या सिनेमाचं संकलन करताना लय सापडावी म्हणून मी एका युद्धपटाचं संगीत तात्पुरतं दृश्यांखाली लावलं. आम्ही संकलक सगळेच हे करतो. दिग्दर्शक सहा महिने तेच ऐकतो, त्याच्या प्रेमात पडतो आणि मग खऱ्या संगीतकाराला सांगतो, "अगदी असंच, पण वेगळं."

ओडार्का ह्नात्युकला हे सांगायची कॅनडातल्या आमच्या विनिपेगमध्ये कुणाची छाती नाही. ही एकसष्ट वर्षांची बाई युक्रेनी लग्नांत अकॉर्डियन वाजवत वाढली आणि तीस वर्षांत तिने सव्वीस छोट्या सिनेमांना संगीत दिलं. तिची अट एकच, सिनेमा मला संगीताविना, कोरा पाठवा. नकलेच्या आग्रहापायी तिने हातचे तीन सिनेमे सोडले. तिची बहीण करवादायची, "करून टाक की नक्कल. कुणाला कळतंय?"

"मला कळतंय," ओडार्का म्हणायची.

ब्रेंटचा हा पहिलाच सिनेमा. शेवटी गावचा कर्लिंगचा, म्हणजे बर्फावर दगड घसरवायच्या खेळाचा, क्लब कायमचा बंद होतो आणि म्हातारा रखवालदार एकटाच बर्फ झाडतो. कोऱ्याच पाठवलेल्या त्या दृश्यावर ओडार्काने चर्चमधल्या जुन्या पायपेटीवर मोजक्या सुरांची धून वाजवून आणली होती. ती ऐकून ब्रेंटने नाक मुरडलं.

"बाई, अंगावर काटा येत नाही हो. मध्येच तर चक्क थांबतं. हे ऐका." त्याने युद्धपटाचं संगीत लावलं. ढोल, तुताऱ्या, ढीगभर व्हायोलिनं.

"म्हातारा बर्फ झाडतोय की देश जिंकतोय?"

"शुक्रवारपर्यंत असं द्या. नाहीतर मला दुसरं कुणी बघावं लागेल."

"बघ की बाळा. नकला करणारे पैशाला पासरी मिळतात." ती उठली आणि बूट घालायला बसली.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाई चौथा सिनेमा सोडून निघाली होती, तोही मी लावलेल्या उसन्या संगीतापायी. मी युद्धपटाचं संगीत पुसून टाकलं, मूळ फाइलसकट.

"अरे, काय केलंस हे?" ब्रेंट ओरडला.

"मी आणलं होतं, मी काढलं. आता बघ."

दृश्य कोरंच चाललं. झाडूची खरखर, म्हाताऱ्याची धाप. मध्येच तो थांबला, कंबर धरली आणि पुटपुटला, "चला, झालं." हे दोन शब्द सहा महिन्यांत आम्हा दोघांनाही ऐकू आले नव्हते.

मग मी ओडार्काची धून लावली. ती नेमकी त्या दोन शब्दांपाशी थांबली आणि त्यांच्यानंतर पुन्हा सुरू झाली.

ब्रेंटने ते दृश्य पुन्हा एकदा लावून पाहिलं. शेवटी म्हणाला, "ठेवूया हेच. फक्त अगदी शेवटी थोडी व्हायोलिनं..."

"नाही," ओडार्का म्हणाली आणि तिने दुसऱ्या बुटाची चेन वर ओढली.