कोथिंबिरीचा वाफा

बाबा गणपतीला आले ते परत गेलेच नाहीत. मुंबईतली त्यांची गिरणी बंद पडली होती. एरवी लांज्याजवळच्या आमच्या वाडीत ते वर्षातून दोनदा यायचे, बॅगेत पावडरचा डबा आणि मिठाई घेऊन. तो माणूस आता दिवाळी उलटली तरी घरातच होता आणि मला नकोसा झाला होता. आज हे सरळ लिहिते. तेव्हा सतरा वर्षांची होते, स्वतःशीसुद्धा कबूल केलं नसतं.

स्वस्थ बसणं त्यांना ठाऊकच नव्हतं. पडवीतून अंगणात, अंगणातून गोठ्यात नुसत्या येरझाऱ्या. रेडिओ लावायचा, बंद करायचा, पुन्हा लावायचा. एसटी उशिरा आली की मला जाब विचारायचा. चुलीत लाकूड कसं सारावं हे आईला शिकवायचं. मीही त्यांचीच मुलगी, माझाही पाय घरात ठरत नसे. मग काय, रोज भांड्यांची आदळआपट.

आईचं म्हणणं एकच, त्यांनी राहावं. लग्न झाल्यापासून शेती तिने एकटीने ओढली होती. तिकडे मुंबईत एका गोदामावर राखणदाराची नोकरी मिळत होती आणि गाववाल्यांच्या खोलीत पथारीला जागाही होती. बाबांचं काही ठरेना. शेवटी त्यांनी विहिरीजवळ एक वाफा खणला. कोथिंबीर आमच्याकडे घाटावरून यायची, बाजारात पोचेपर्यंत मान टाकलेली. ती आपल्या दारात करायची असं त्यांच्या डोक्यात बसलं.

"ही उगवली तर ऱ्हातो," ते आईला म्हणाले. "नायतर माजा हितं काय उपेग?"

आईला इतकं बरं वाटलं की तिने स्वतःच मसाल्याच्या फळीवरून डबा काढला आणि मूठभर धणे त्यांच्या ओंजळीत घातले.

ते उगवणार नाहीत हे एकट्या मला ठाऊक होतं. ते धणे भाजलेले होते. पावसाळ्यात कीड लागू नये म्हणून आईने मे महिन्यात मला ते आठ दिवस उन्हात घालायला सांगितले होते. आठ दिवस घाला आणि काढा, कोण करणार? तिसऱ्या दिवशी आभाळ भरून आलं तशी मी सगळे धणे कढईत टाकून खमंग वास सुटेपर्यंत परतले आणि निवल्यावर डब्यात भरले. आईला सांगितलं, वाळले.

बाबांनी ते जांभ्या दगडावर पसरून लाकडाच्या ठोकळ्याने हलके रगडले, एकाच्या दोन फोडी केल्या, रात्रभर भिजवले. सकाळी ओळीत पेरून वर राख भुरभुरली आणि पेंढा अंथरला. मी पायरीवर बसून बघत होते. बोलले असते तर आईची बोलणी खावी लागली असती, पण गप्प राहण्याचं कारण ते नव्हतं. उगवलं नाही तर बाबा जातील, हे मला कळलं होतं.

आठवडा झाला तसे ते पेंढा उचलून बघू लागले. दहाव्या दिवशी काडीने माती उकरली. मग सकाळ-दुपार तेच. मलाही अभ्यास सुचेना, पुस्तक टाकून उगाच विहिरीवर जायचे आणि नुसती माती बघून परत यायचे. एका संध्याकाळी सांगून टाकायचंच ठरवलं आणि त्यांच्या शेजारी जाऊन उभी राहिले. ते तांब्याने हळूहळू पाणी घालत होते.

"घाई करतो काय गो मी?" त्यांनी विचारलं.

"होय," मी म्हटलं. "थोडी वाट बघा."

त्यांनी मान हलवली आणि त्यानंतर चार दिवस वाफ्याला हात लावला नाही. मला अन्न गोड लागेना. आईने बाजारातून दुसरे धणे आणू का विचारलं, तर नको म्हणाले. तीन आठवडे झाल्यावर पेंढा गोळा करून गुरांपुढे टाकला आणि बॅग काढली.

लांज्याला त्यांना सोडायला मीच गेले. मुंबईची गाडी उशिरा होती. बराच वेळ ते हाताचे तळवे बघत बसले.

"मातीचा दोस नाय बाय," ते म्हणाले. "माज्या हातालाच गुन नाय."

तेव्हा सांगितलं असतं तरी ते घरी परतले असते. तेवढ्यात गाडी लागली आणि मी त्यांची पिशवी खिडकीतून आत दिली. परत येताना मला चक्क हलकं वाटत होतं.

गोदामावर त्यांनी कितीतरी वर्षं काढली. रजेवर आले की आई कधी मिरचीचं रोप लावायला हाक मारायची, कधी नुसती तोंडल्याची वेल मांडवावर चढवायला. ते पुढे यायचे आणि मध्येच हात मागे घ्यायचे. "तूच लाव," म्हणायचे, "माज्या हातानं जगायचं नाय." आई त्यांची समजूत घालायची, आणि मी तिथेच, हातात पाण्याची कळशी घेऊन उभी असायचे.