ललिता आणि न गेलेले उतारू

माझी धाकटी जाऊ ललिता आमच्या घरात आली ती १८९५ च्या मार्गशीर्षात. माहेर परळचे, भोईवाड्याजवळ. वडील मराठी शाळेत मास्तर. ती दिसायला चारचौघींसारखीच, वर्ण सावळा. बोटे मात्र लांब आणि भराभर चालणारी. तांदूळ निवडायला बसली की सूप रिकामे होईपर्यंत मान वर करायची नाही. सासूबाई मला म्हणाल्या, "थोरले, तुला आयता हात मिळाला हो." मलाही तसेच वाटले. हा हात कुठवर पोचेल ते तेव्हा ठाऊक नव्हते.

आमचे बिऱ्हाड गिरगावात, खोताच्या वाडीच्या तोंडाशी. घरात सासूबाई, आम्ही दोघे, आमची लेक लक्ष्मी, माझे दीर शरच्चंद्र आणि ही ललिता. आमचे हे एका आगबोट कंपनीच्या धक्क्यावरच्या कचेरीत होते. काम तिकिटांच्या हिशेबाचे. तिकीट विकणारा वेगळा, बोटीवर चढताना ते काढून घेणारा वेगळा. ह्यांनी पाहायचे ते एवढेच, की ज्याने पैसे भरले तो माणूस गेला की नाही.

ऐकायला सोपे वाटते. विकलेल्या तिकिटाचा एक तुकडा पुस्तकात राहतो. बोटीवर काढून घेतलेली तिकिटे दोऱ्यात ओवून परत कचेरीत येतात. दोन्हींचे आकडे जुळवले की जे उरतात ते न गेलेले उतारू. त्यांच्या तिकिटांच्या तुकड्यांचे तीन ढीग. बोट सुटण्याआधी ज्याने तिकीट परत केले, त्याला थोडी कसर कापून पैसे द्यायचे. ज्याने परत केले नाही पण मुदत आहे, त्याचे पैसे अनामत. आणि तीन महिन्यांची मुदत टळली की जप्त, म्हणजे कंपनीचे उत्पन्न. हे नेहमी म्हणत, "बोटीने माणूस पोचवला नाही तोवर पैसा त्याचा. आपण नुसते सांभाळतो."

हंगामात काम उरकत नसे, म्हणून हे गठ्ठे घरी आणत. सहा वर्षे ते जुळवायला मी बसले. माझे शिक्षण मराठी चार बुके. तिकिटावरचे इंग्रजी आकडे ह्यांनीच मला शिकवले, पाटीवर, लग्नाच्या दुसऱ्या वर्षी. संध्याकाळी ओटीवर दिव्याच्या अलीकडे मी, पलीकडे हे. दिवसभरात आम्ही एकमेकांसमोर बसत असू ते तेवढेच. तीनावर सात की सातावर तीन असे मी चुकायची आणि हे पुन्हा पाहायचे. प्रत्येक गठ्ठा पुन्हा पाहायचे. त्याचे मला वाईट वाटत नसे. पुन्हा पाहायचे म्हणजे आणखी थोडा वेळ बसायचे.

सत्त्याण्णव साली गाठीच्या तापाने मुंबई उठली. जो तो कोकणात निघालेला. धक्क्यावर डॉक्टर प्रत्येकाला तपासत आणि अंग जरा कोमट लागले तरी उतारू मागे ठेवीत. तिकीट त्याच्या कनवटीला तसेच राही. न गेलेल्या उतारूंचे ढीग कधी नव्हेत एवढे झाले. त्यात लक्ष्मी अंगावर पिणारी. तेव्हा मीच, माझ्या तोंडाने, ह्यांना म्हणाले, "धाकटीला आकडे येतात. तिला द्या थोडे."

आता भासऱ्यासमोर, म्हणजे थोरल्या दिरासमोर, धाकट्या भावजयीने यायचे नाही, बोलायचे नाही, ही आमच्याकडची रीत. म्हणून ललिता माजघरात बसे, हे ओटीवर, आणि मधल्या दारात मी.

"धाकटीला विचार, जयगडची किती उरली?"

"सात," ललिता आतून म्हणे. ते ओटीवर स्वच्छ ऐकू येई. तरी हे माझ्या तोंडाकडे पाहात थांबायचे.

"सात म्हणते," मी म्हणायची.

"परत केलेली धरून?"

"सोडून," आतून.

"सोडून म्हणते."

शरच्चंद्र भावोजी हसायचे. "वहिनी, तुम्ही म्हणजे आमच्या घरचं तारऑफिस."

"तारेला पैसे पडतात, भावोजी," मी म्हटले. "मी फुकट."

सगळे हसले. मीही हसले.

पंधरा दिवसांत ललितेचा हात माझ्यापेक्षा दुप्पट चालू लागला. एकदा ह्यांनी गठ्ठा हातात घेतला, उलटा केला आणि तसाच पिशवीत टाकला. मी विचारले, "पाहायचा नाही?" तर म्हणाले, "धाकटीचं काम तपासायला नको."

माझी सहा वर्षे तपासली होती.

मग एके दिवशी येताना हे काचेचा दिवा घेऊन आले. माजघरात अंधार असतो, तिचे डोळे जातील, म्हणून. सासूबाईंनी कौतुक केले. मी तो दिवा पुसून, वात कातरून तिच्यासमोर ठेवला. माझे डोळे पणतीच्या उजेडात सहा वर्षे होते, ते गेले नाहीत म्हणून कुणाच्या लक्षातही आले नाहीत. देवापुढे बसले की हात जुळत, पण मनात देवाचे नाव येण्याऐवजी तो दिवाच येई. कुणी वाईट नव्हते. ह्यांच्या मनात वावगे नव्हते हे मला सूर्यप्रकाशाइतके स्वच्छ दिसत होते आणि ललिता तर मान वर करणारी नव्हे. हे सगळे कळूनही छातीत निखारा ठेवल्यासारखे होई. वाईट माणसाचा राग तरी करता येतो.

वैशाखाच्या पहिल्या पंधरवड्यातच बोटी बंद झाल्या. त्या दरसाल होतात. नारळी पुनवेपर्यंत समुद्र बंद. त्या साली कचेरीत नवे हिशेबनीस साहेब आले होते. त्यांनी फर्मान काढले की पुनवेच्या आत मागच्या हंगामाची वही मिटली पाहिजे. हे शेवटचे गठ्ठे घेऊन आले आणि दुसऱ्या दिवशी तयार हवेत म्हणाले.

दुपारी सासूबाई कीर्तनाला गेल्या होत्या. ललिता तीन ढीग लावून बसली होती आणि चौथा, लाल दोऱ्याने बांधलेला, मांडीवर होता.

"जाऊबाई, एवढं मोठ्या भावोजींना विचाराल? ही वैशाखातली तिकिटं. तारखेनं तीन महिने झाले, म्हणजे जप्तीत जातात. पण त्यातले जवळजवळ सगळे दिवस बोटच नव्हती. माणूस जाणार कशानं? ते दिवस मुदतीत धरायचे का? विचारल्याशिवाय मी ही कुठं टाकत नाही."

प्रश्न मला लगेच कळला. सहा वर्षांत मला तो सुचला नव्हता. आणि मला हेही कळले की हा प्रश्न मी दारात उभी राहून सांगितला, की हे मान वर करतील, आत पाहतील, आणि म्हणतील, "वा."

ते "वा" माझ्याच तोंडून आत जायचे होते.

"विचारते," मी म्हटले. ललिता दळण आणायला उठली. मी लाल दोरा सोडला आणि ती तिकिटे जप्तीच्या ढिगावर ठेवली. दोरा चुलीत टाकला. मग हातपाय धुऊन श्रावणाची पोथी वाचायला बसले. अध्याय पुरा केला. त्यातले एक अक्षर आठवत नाही.

संध्याकाळी हे आले. "झालं का धाकटीचं?"

"झालं."

त्यांनी गठ्ठे पिशवीत भरले. तपासले नाहीत.

ललितेने मला विचारले, "काय म्हणाले?" मी म्हटले, "बघतो म्हणाले." तिने मान हलवली. माझ्यावर विश्वास ठेवायला तिला एवढेसे पुरे झाले.

नारळी पुनव झाली, बोटी सुरू झाल्या. चारच दिवसांनी पुतळाबाई दारात आली. ही वरळीची कोळीण, वर्षानुवर्षे आम्हाला मासळी घालणारी. श्रावणात आमच्या गल्लीत यायचे तिला कारण नव्हते. पाटी नव्हती, हातात एक चोळामोळा झालेले तिकीट होते.

"बाय, तुझा घरधनी तिकिटांच्या कचेरीत हाय ना? मग हे बघ. खिडकीवरचा म्हणतो, तिकीट मेलं. मी ताप काढून जिती उठले आन् तिकीट कसं मरंल?"

वैशाखात ती हर्णैला निघाली होती. लेक तिथे दिलेली, पहिलटकरीण. धक्क्यावर डॉक्टरने हात लावला आणि तिला तापकऱ्यांच्या छावणीत नेले. सुटली तेव्हा बोटी बंद.

"लेकीला नववा लागलाय. दर्या बंद होता तवा मी काय पाण्यावरनं चालत जाऊ? खिडकीत माझ्यासारखी लई माणसं वरडतायत."

ललिता माझ्या मागे येऊन उभी राहिली होती. तिने तिकीट हातात घेतले, तारीख पाहिली, आकडा पाहिला. मग माझ्याकडे पाहिले. रागाने नाही. हिशेब जुळत नाही तेव्हा ती जशी पाहायची तसे. पुतळाबाईला तिने एवढेच सांगितले, "हे फाडू नका, बाई. जपून ठेवा. संध्याकाळी या." आणि आत गेली.

दिवेलागणीला हे घरी आले तेच तांबडेलाल होऊन. पगडीही उतरवली नाही.

"वैशाखातली सगळी तिकिटं जप्त म्हणून वहीला लागली. माझ्या अक्षरात. लोक म्हणतात कंपनीनं लुटलं. साहेब म्हणतात, वही मिटली, आता उत्पन्नातून रक्कम काढायची तर कारण लिहून दे, नाहीतर खुर्ची सोड. मी काय लिहू? धाकटीच्या भरवशावर डोळे मिटून उतरवलं हे लिहू?" मग म्हणाले, "समुद्र बंद असतो हे तिला कळू नये? जाऊ दे. तिला सांग, उद्यापासून राहू दे. तू बसत जा पहिल्यासारखी."

पहिल्यासारखी. जे मला हवे होते ते ह्यांनी आपण होऊन माझ्या ओंजळीत घातले.

आणि ते मीच आत सांगायचे होते. ललिता दाराच्या आड उभी होती; पदराचा काठ दिसत होता. सगळे तिला ऐकू आले होते. तरी ती थांबली होती, मी सांगेन म्हणून, रीतीप्रमाणे. ती एका शब्दाने म्हणू शकली असती, की मी जाऊबाईंजवळ विचारले होते. भासऱ्यासमोर बोलायचे नाही म्हणून बोलत नव्हती, की मला वाचवत होती, ते मला आजही ठाऊक नाही. तुळशीपुढे दिवा लावायचा राहिला होता आणि मला वाटले, आता हे वाक्य आत सांगितले तर उद्या तिथे दिवा लावायला मी कोणत्या तोंडाने जाऊ?

मी आत तोंड केले नाही. ह्यांच्याकडेच केले.

"तिनं विचारलं होतं," मी म्हटले. "बंद दिवस धरायचे का, म्हणून. वेगळा गठ्ठा बांधून ठेवला होता. मी तुम्हाला सांगितलं नाही. गठ्ठा सोडून मीच जप्तीत टाकला."

"विसरलीस?"

विसरले म्हटले असते तर सगळे तिथेच मिटले असते. ह्यांच्या आवाजात ती सोय होती.

"नाही. तुम्ही तिची तारीफ केली असती, म्हणून."

सासूबाईंच्या हातातली जपमाळ थांबली. ह्यांनी माझ्याकडे पाहिले, एखाद्या अनोळखी बाईकडे पाहावे तसे. मग पगडी काढली, उठले आणि माझ्या बाजूने जाऊन मधल्या दारासमोर उभे राहिले. मला म्हणाले नाहीत की तिला सांग.

"ललिता," ते म्हणाले, "चूक माझी. मी तपासायला हवं होतं. उद्या साहेबांना तसं लिहून देतो. तेहतीस तिकिटं पुन्हा अनामतीला घालतो."

आतून पदर पुढे ओढल्याची सळसळ आली आणि पाठोपाठ तिचा आवाज, बारीक पण सरळ:

"एकतीस, भावोजी. दोन आधीच परत केलेली होती."

"एकतीस," हे म्हणाले.

दोघांच्या मध्ये मी उभी होते आणि माझी कुणाला गरज नव्हती.

ह्यांनी लिहून दिले. साहेबांनी आठ दिवसांचा पगार कापला, एकतीस तिकिटे उत्पन्नातून काढून उतारूंच्या नावे अनामत झाली, आणि तिसऱ्या दिवशी पुतळाबाई हर्णैच्या बोटीत बसली. पण गठ्ठे बायकांच्या हाती घरी जातात हे उघड झाले, तेव्हा साहेबांनी ते कायमचे बंद केले. म्हणजे ललितेचे काम गेले ते गेलेच. मी खरे बोलून ते तिला परत देऊ शकले नाही. पुढे एकदा दळताना ती म्हणाली, "तुम्ही सांगितलंत, जाऊबाई, ते बरं झालं. पण दुपार फार मोठी होते हो." तेवढेच. टोमणा नव्हता. टोमणा असता तर मी सोसला असता.

पुढे दोन वर्षांनी शरच्चंद्र भावोजींनी परळला बिऱ्हाड केले आणि ती गेली. तोवर मात्र संध्याकाळी गठ्ठे येत नसले तरी प्रश्न येत. अर्धे भाडे भरलेले मूल मध्येच मोठे झाले तर काय, बोट अर्ध्या वाटेतून परतली तर पैसे कुणाचे. हे ओटीवरून विचारीत, ती माजघरातून उत्तर देई, आणि रीत मोडल्याचे सासूबाईसुद्धा काढीत नसत. मी स्वयंपाकघरात असे. ती बोलू लागली की मी फोडणी जरा आधीच टाकत असे, म्हणजे ह्यांचे "वा" मला ऐकू येऊ नये.