नीलाक्कांचा अंधार

नीलाक्का आमच्या घरी आल्या की चपला काढायच्या आधी टीव्हीकडे बघत. एका हातात शेंगाचटणीचा डबा, दुसऱ्या हाताने रिमोट उचलायचा आणि चित्राचा उजेड कमी करून टाकायचा. विचारण्याची भानगड नाही. चटणीच्या तेलाने बटणं चिकट व्हायला लागली, तेव्हा आम्ही रिमोटला प्लॅस्टिकची पिशवी घातली.

"राक्षस गुहेत असतोय, तम्मा. त्याला ट्यूबलाईटखाली कशाला बसवलायस?" धाकट्या भावाला कानडीत म्हणतात तसं त्या मला तम्मा म्हणत.

बाळीवेशीत आमच्या शेजारी त्या चटणी कुटून विकायच्या आणि दुपारी राक्षसांचे, उडत्या घोड्यांचे सिनेमे बघायच्या. रडारडीच्या मालिका त्यांना वर्ज्य. "ते आमच्या बोळात रोज फुकट दिसतंय की."

मी मोठा टीव्ही घेतला तेव्हा उडत्या नागाच्या सिनेमाची नवी, स्वच्छ चित्राची डिस्क कौतुकाने लावली. नागाचा खवला न् खवला दिसत होता, आणि पंखाची शिवणसुद्धा. अक्कांनी मान हलवली. "लई सोप्पं करून टाकलायस. भ्यायला जागाच ठिवली न्हायस." त्यांनी उजेड इतका उतरवला की बायको वैतागून म्हणाली, "अक्का, काहीच दिसत नाही हो."

"दम धरा. दिसंल."

खरंच, जरा वेळाने काळोखातून दोन डोळे वर आले आणि बायकोने पाय वर ओढून घेतले.

पुढे अक्कांना काचबिंदू झाला. गेलेली नजर परत येणार नाही, असं डॉक्टरांनी सांगितलं. त्यांना घोर एकच, त्या सिनेमाचा शेवटचा भाग अजून यायचा होता. "नागाचं काय होतंय तेवढं बघू दे, मग गेले डोळे तर जाऊ देत."

डिस्क आली तेव्हा अक्का भिंत धरत आल्या. मी आधीच उजेड पुरा वाढवून ठेवला होता. गुहा चुना लावल्यासारखी पांढरी झाली होती. अक्का अगदी पडद्यापाशी बसल्या.

"उजेड किती लावलायस?"

"आहे तेवढा सगळा."

"तरी न्हाय दिसत मला. मग तू कशाला वाईट चित्र बघतोस? कमी कर की."

मी उजेड उतरवला. गुहा पुन्हा काळी झाली.

"आता सांग. नाग कुटं हाय?"

"अजून दिसत नाही, अक्का."

त्यांनी चाचपडत माझा हात धरला. "दम धर," त्या म्हणाल्या. "दिसंल."