साहेबांचा माणूस कॅमेऱ्यासमोर

आमदार अभिमन्युरावांच्या गाडीत ड्रायव्हरशेजारच्या सीटवर धुळा वाघमोडे एकोणीस वर्षं बसला. साहेबांचा पीए. साहेबांनी गोळी कधी घ्यायची, कुणाच्या लग्नात किती वेळ थांबायचं, कुणाला नुसतं हसून वाटेला लावायचं, सगळं धुळाच्या डोक्यात. मेंढरांमागं हिंडणाऱ्याचा पोरगा इथवर पोचला, म्हणून तो साहेबांना देवाच्या ठिकाणी मानायचा.

मग टँकरचं प्रकरण निघालं. दुष्काळात वाड्यावस्त्यांसाठी सुटलेले सरकारी टँकर साहेबांच्या डाळिंबाच्या बागेत रिकामे होत होते. पत्रकारांनी घेरल्यावर साहेब कॅमेऱ्याकडं बघून म्हणाले, "हे माझ्या पीएनं परस्पर केलं. गरीब म्हणून जवळ केला, चोर निघाला."

धुळा तेव्हा तालुक्याच्या गावी भवानी पेठेतल्या घरी टीव्हीसमोर जेवत होता. बायकोनं, बाळाबाईनं, टीव्ही बंद केला.

"लाव परत," तो म्हणाला. "मला पुन्यांदा ऐकायचंय."

दिवसभर तो ते वाक्य ऐकत राहिला. ज्या पडद्यावर आपल्याला चोर केलं, त्याच पडद्यावर साहेबांना उघडं पाडायचं, हे त्यानं त्या दिवशीच ठरवलं.

चॅनेलवाल्यांना आतला माणूस हवाच होता. धुळानं कोट शिवला. नावाखाली 'राजकीय विश्लेषक' अशी पट्टी यायला लागली. तिकिटासाठी साहेब बंद दाराआड कुणाच्या पाया पडले, हे तो रंगवून सांगायचा. लोक पोट धरून हसायचे. पण टँकरचा विषय काढला की जाहिरात लागायची, नाहीतर चर्चेला बसलेले समोरचे तिघं ओरडायला लागायचे. साहेब तर म्हणाले, "बोलू द्या बिचाऱ्याला. त्याचं पोट चालतंय."

त्या 'बिचाऱ्या'नं धुळाला अन्न गोड लागेना.

तीन वर्षांनी पुण्याची सुकन्या नावाची मुलगी दुष्काळावर माहितीपट करायला आली. तिनं धुळाला एका वस्तीवर नेलं आणि केराबाईच्या ओट्यावर बसवलं. टँकर न आल्यानं त्या उन्हाळ्यात केराबाईची अकरा शेरडं मेली होती. म्हातारी दारात उभी राहून ऐकत होती.

सुकन्यानं विचारलं, "टँकर बागेकडं वळवा, असा फोन ड्रायव्हरला कोण करायचं?"

टीव्हीवर धुळा तीन वर्षं एकच उत्तर देत आला होता, 'साहेब.' पण साहेबांचा आवाज एकाही ड्रायव्हरनं ऐकलेला नव्हता. म्हणून तर ते सुटत होते. आपलं नाव घातल्याशिवाय त्यांचं नाव पक्कं होत नाही, हे त्याला त्या ओट्यावर लख्ख कळलं.

"मी करायचो," तो म्हणाला. "साहेब शेजारी बसून सांगायचे, मी फोन लावायचो." मग गाव, दिवस, ड्रायव्हर, सगळं त्यानं नावानिशी सांगितलं.

"म्हंजी माजी शेरडं तुज्या फोननं मेली म्हण की," केराबाई म्हणाली. तिनं चहासाठी ठेवलेलं आधण चुलीवरून उतरवलं.

माहितीपट बघून दोन ड्रायव्हर पुढं आले, धुळाचा फोन कधी, कुठं आला ते त्यांनी सांगितलं आणि त्याचं म्हणणं खरं ठरलं. पक्षानं साहेबांचं तिकीट कापलं. गुन्हा दाखल झाला, दोघांच्याही नावानं.

"अवो, तुमालाबी आत घालतील," बाळाबाई रडायला लागली.

"घालू दे की."

चौकशीच्या दिवशी त्यानं इस्त्रीचा सदरा घातला. चौकीत साहेब बाकावर बसले होते. कुणी उठून खुर्ची दिली नव्हती. धुळा मुद्दाम त्यांना खेटून बसला.

"धुळ्या, तूबी अडकलास की रं," साहेब दबक्या आवाजात म्हणाले.

"व्हय साहेब," धुळा म्हणाला, "पर तुमाला घिऊन." आणि आतून हाक येईपर्यंत तो साहेबांच्या तोंडाकडं बघत राहिला, मन भरेपर्यंत.