अठरा इंची चाकं आणि अप्पांचा मणका

आमच्या घराण्यात कॉलेजला गेलेला पहिला माणूस मी आहे, आणि गाडीला चुकीची चाकं बसवणाराही पहिलाच. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, असं मला बरेच दिवस वाटत होतं.

सुरुवात अप्पांच्या पाठीपासून झाली. अप्पा म्हणजे माझे वडील. मोहोळजवळ आमचं गाव, आणि गावापासून तीन किलोमीटरवर रानात आमची वस्ती. अप्पा गावातल्या दूध केंद्रावर सकाळ-संध्याकाळ दूध मोजून घेतात. म्हणजे दिवसातून चार वेळा तो तीन किलोमीटरचा रस्ता, मोटारसायकलवर, कित्येक वर्षं. (रस्ता मी आपला सवयीने म्हणतो. खड्ड्यांना एकमेकांपासून वेगळं ठेवण्यापुरती माती मध्ये मध्ये लागते.) शेवटी मणक्यात गॅप निघाली. सोलापूरच्या डॉक्टरांनी फोटो उजेडात धरून पाहिला आणि म्हणाले, "मोटारसायकल बंद. दीड महिना पाठीला एकही धक्का नको. मग पुन्हा फोटो काढू. सुधारलं तर ठीक, नाहीतर ऑपरेशन."

ऑपरेशन म्हटल्यावर अप्पा उठलेच. बाहेर येऊन चप्पल घालताना एवढंच म्हणाले, "पाठीला सुरी लागली की माणूस परत वाकत न्हाय."

आणि न वाकता आमच्या घरात एकही काम होत नाही.

म्हणून तात्यांनी, म्हणजे माझ्या धाकट्या चुलत्यांनी, ओळखीतून एक जुनी क्रॉसओव्हर गाडी आणली. तात्या ट्रॅक्टर चालवतात, त्यामुळे गाडीही तेच चालवणार होते. क्रॉसओव्हर म्हणजे काय, असं आईने विचारलं. मी उत्साहाने सांगितलं, "दिसायला जीपसारखी उंच, पण वागायला कारसारखी मऊ. दोन्हीचं मिश्रण."

"म्हंजी खेचर," तात्या म्हणाले.

खेचर चांगलं होतं. फक्त चारही टायर झिजून माझ्या हॉस्टेलच्या फरशीसारखे गुळगुळीत झाले होते. नवे घेणं भाग होतं. आता कोणते घ्यायचे? सगळ्यांनी एकाच वेळी माझ्याकडे पाहिलं.

"शिकल्यालं हाय की घरात," अप्पा म्हणाले.

मी सोलापूरला बी.एस्सी. करतो. दुसरं वर्ष, फिजिक्स. टायर या विषयावर आमच्या अभ्यासक्रमात एक ओळ नाही. मला तेव्हाच म्हणायचं होतं, 'अप्पा, मला यातलं काही कळत नाही.' वाक्य तयार होतं, तोंडही उघडलं होतं. पण अप्पांच्या चेहऱ्यावर असा काही विश्वास होता, की तोंडातून निघालं, "बघतो."

इथेच अप्पांचा मणका गेला म्हणायला हरकत नाही.

पुढचे चार दिवस मी हॉस्टेलवर मोबाईलवर टायरचे व्हिडिओ पाहिले. एक जण म्हणायचा, रुंद टायर घ्या. दुसरा म्हणायचा, रुंद घ्याल तर पस्तावाल. तिसरा दोघांना हसायचा आणि स्वतः काहीच सांगायचा नाही. मी वहीत तीन पानं भरली. चौथ्या दिवशी वही वाचली, तर मला माझंच अक्षर परकं वाटायला लागलं. तेवढ्यात तात्यांचा फोन आला.

"आरं, यवढा इचार कशाला? बैलगाडी बघितलीस का न्हाय? तिचं चाक यवढं मोठं का आसतंय? चाक जेवढं मोठं, तेवढा खड्डा ल्हान. मोठी चाकं घे!"

आणि मला एकदम प्रकाश दिसला! हे तर शुद्ध फिजिक्स होतं. मी आकृती काढली. लहान वर्तुळ खड्ड्यात पडतं, मोठं वर्तुळ वरून जातं. त्रिज्या, कोन, बल, सगळं जुळलं. चार दिवसांत पहिल्यांदा मला काहीतरी कळलं होतं. ती आकृती मी शनिवारी घरी दाखवली. अप्पांनी कागद हातात घेऊन बराच वेळ पाहिला. (उलटा धरला होता. वर्तुळंच असल्यामुळे फरक पडला नाही.)

"बैलगाडीचं गणित कालेजात शिकवत्यात?" त्यांनी विचारलं.

"व्हय," मी म्हणालो.

त्याच दिवशी आम्ही तिघं सोलापूरला टायरच्या दुकानात गेलो. दुकानदार पांढऱ्या दाढीचे, शांत बोलणारे. सगळे त्यांना चाचा म्हणत होते. अप्पा कमरेला पट्टा बांधून खुर्चीवर ताठ बसले. चाचांनी गाडीभोवती एक चक्कर मारली आणि मला विचारलं, "सोळाची रिम आहे बेटा. हीच ठेवायची?"

"नाही. मोठी हवी. अठरा," मी म्हणालो.

"अठरा?" चाचांनी माझ्याकडे पाहिलं. "गाडी चालणार कुठं? रस्ता कसा हाय तुमचा?"

आता सरळ उत्तर होतं, 'वस्तीचा रस्ता आहे चाचा, नुसते दगड.' पण शेजारी एक गॉगलवाला माणूस त्याच्या चकाचक गाडीची चाकं पुसून घेत होता. माझ्या पायात वस्तीवरची चिखलाची चप्पल होती. का कोण जाणे, मला लाज वाटली.

"हायवे," मी म्हणालो. "जास्त करून हायवेच."

अप्पांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. मग पुन्हा खाली घातली.

"मग चालंल," चाचा म्हणाले. "हायवेला मस्त धावंल."

काळ्या-चंदेरी, चमकणाऱ्या अठरा इंची रिमा आल्या आणि गाडी अशी दिसायला लागली, की तात्यांनी सदऱ्याने स्वतःचं तोंड पुसलं. जुन्या रिमा त्यांनी दुकानात सोडल्या नाहीत, डिकीत टाकल्या. (तात्या आजवर काहीही कुठेही सोडून आलेले नाहीत.) चार चाकांखाली चार लिंबं ठेवली, नारळ फोडला, आणि आम्ही निघालो.

हायवेवर गाडी काय पळाली! अप्पा डोळे मिटून म्हणाले, "दुधावरच्या सायीवरनं चालल्यागत वाटतंय रं." मी मागच्या सीटवर बसून खिडकीबाहेर पाहत होतो आणि मनातल्या मनात एम.एस्सी.ला प्रवेश घेत होतो.

मग गाव आलं. गाव संपलं. वस्तीचा रस्ता लागला.

पहिला खड्डा अगदी किरकोळ होता. मोटारसायकलवर असताना आम्ही त्याला खड्डा म्हणतही नव्हतो. धाड्! अप्पांच्या तोंडातून जो आवाज आला, तो मी त्याआधी फक्त म्हशीच्या तोंडून ऐकला होता.

"तात्या, हळू!"

"आरं हळूच हाय की! उतरून ढकलू का आता?"

धाड्! धाड्! तीन किलोमीटरला पाऊण तास लागला. शेवटचा अर्धा किलोमीटर अप्पा दोन्ही हातांनी वरच्या कडीला लोंबकळत आले.

काय चुकलं, ते मला त्याच रात्री समजलं. मडगार्डखाली जागा असते तेवढीच. त्यामुळे बाहेरून चाक मोठं होतच नाही. मधलं लोखंड, म्हणजे रिम, वाढवलं की रबर तेवढं कमी होतं. धक्का खाणारं काय असतं, तर रबर आणि त्यातली हवा. थोडक्यात, आजारी माणसासाठी मी खाट मोठी करून आणली होती आणि गादी निम्मी कापून टाकली होती. आकृतीत सगळं बरोबर होतं, फक्त त्या वर्तुळात टायर कुठे संपतो आणि रिम कुठे सुरू होते, ते मी काढलंच नव्हतं!

हे सकाळी उठून सांगायचं, असं ठरवून झोपलो. सकाळी अप्पा शेजाऱ्याला गाडी दाखवत होते. "पोरानं गणित करून चाकं बसवली." मी चहा पिऊन गुपचूप सोलापूरच्या एसटीत बसलो.

मग सुरू झाले तात्यांचे फोन.

सोमवारी: "काळजी करू नगं. नवी चप्पल बी आठ दिवस चावती. रुळत्याल."

मंगळवारी: "रुळंनात. तुजी आई म्हणाली, बुडाखाली चादर घाला. तीन चादरी घातल्या."

बुधवारी: "सहा घातल्या. आता पाठीला बरं हाय, पर डोकं छताला लागतंय."

गुरुवारी मी प्रॅक्टिकलला होतो, लंबकाला झोके देत. फोन थरथरला. मी टेबलाखाली वाकून घेतला.

"हवा कमी केली!" तात्या विजयी आवाजात म्हणाले. "चारी चाकं मऊ केली. आता कसं?"

माझ्या हातातून लंबक सुटला. इतक्या कमी रबरात हवाही कमी, म्हणजे आता दगड आणि रिम यांच्यामध्ये अप्पांचं नशीब सोडून काही उरलं नव्हतं. "तात्या, नका! हवा भरा परत! रिम वाकंल!" मी ओरडलो. सरांनी बाहेर जायला सांगितलं. मी आनंदाने गेलो.

"बरं बरं," तात्या म्हणाले. "दुसरा उपाव हाय माझ्याकडं."

तो उपाय काय, हे त्यांनी सांगितलं नाही. मला विचारायचा धीर झाला नाही.

शनिवारी घरी पोचलो, तर गाडीचा मागचा भाग जमिनीला टेकायचा तेवढा राहिला होता. डिकीत ज्वारीची चार पोती!

"रिकामी ट्रॉली उडती, भरल्याली बसती," तात्यांनी समजावलं. "वज्जन पायजे. तू बस मागं, तेवढंच आनिक वज्जन."

"आणि हवा?" मी विचारलं.

"भरायची राहिली."

मी काही बोलणार, तोवर अप्पा सहा चादरींवर मान तिरकी करून बसलेही होते. दूध केंद्राची वेळ झाली होती. अप्पांची वेळ कधी चुकत नाही, मणका चुकला तरी. मी मागे बसलो. गाडी खरोखर उडत नव्हती. ती दर खड्ड्यात बसत होती आणि उठायला तयार नव्हती. ओढ्याच्या अलीकडे एक दगड वर आलेला आहे. सगळ्या वस्तीला तो माहीत आहे. तात्यांनाही माहीत होता. पण मागच्या पोत्यांनी गाडी अशी ओढली, की वळवायची ती वळलीच नाही.

आधी सुतळी बॉम्ब फुटावा तसा आवाज झाला. मग लोखंड दगडावर आपटल्याचा. मग, थोडं थांबून, अप्पांचा.

उतरून पाहिलं, तर टायर फाटला होता आणि चमकणारी रिम खाल्लेल्या भाकरीसारखी एका बाजूने गेली होती. अप्पांना आम्ही दोघांनी धरून उतरवलं. ते उभे राहू शकत नव्हते, बसूही शकत नव्हते. शेवटी त्या सहा चादरी ओढ्याच्या काठावर अंथरल्या आणि त्यांना त्यावर पालथं झोपवलं. तात्या ट्रॅक्टर आणायला वस्तीकडे पळाले. मी अप्पांजवळ बसून राहिलो. माझ्याच्याने आता राहवेना.

"अप्पा, मला टायरमधलं काही कळत नव्हतं."

"ठावं हाय," अप्पा चादरीत तोंड खुपसून म्हणाले.

"कधीपासून?"

"तू हायवे म्हणालास तवापासनं."

मला रडू आलं. "मग तिथंच बोलला का नाही? तुमची पाठ होती!"

एक मुंगी अप्पांच्या कानाकडे चालली होती, ती मी बाजूला केली.

"त्या कागदावर तू लई झ्याक समजावलंस रं," ते म्हणाले. "आमच्या घरात आसं कुणी कधी बोललं न्हाय. मला वाटलं, माजंच काय तरी चुकत आसंल."

लांबून तात्यांच्या ट्रॅक्टरचा आवाज यायला लागला.

मंगळवारी चारही जुन्या रिमा टेम्पोत घालून मी एकटाच चाचांच्या दुकानात गेलो. खरा रस्ता सांगितला. ओढा, दगड, सगळं. चाचा हसले नाहीत, म्हणून जास्त वाईट वाटलं. "बेटा, रस्ता खराब असल्याची लाज कसली? तू केला काय तो?" एवढं म्हणून त्यांनी जुन्या सोळाच्याच रिमांवर उंच, जाड रबराचे टायर चढवून दिले. (तात्यांनी जपून आणलेल्या चारपैकी एका रिमेत आमची कोंबडी अंड्यांवर बसली होती. तिची समजूत काढायला आईला अर्धा दिवस लागला.)

आता गाडी त्या रस्त्यावरून खरोखर सायीवरून गेल्यासारखी जाते. तिच्यात बसून तात्या जातात, आई जाते, ज्वारीची पोती जातात. अप्पा जात नाहीत. डॉक्टरांनी त्यांना दोन महिने लाकडी फळीवर झोपवून ठेवलं आहे, आणि ऑपरेशनचं पुढे पाहू म्हणतात. पुढे म्हणजे कधी, हे ते सांगत नाहीत. दूध केंद्रावर तात्या बसतात. रोज कुणाचं ना कुणाचं माप चुकतं, आणि लोक फळीजवळ येऊन अप्पांकडे तक्रार करतात. अप्पा छताकडे बघत निवाडा देतात.

मी दर शनिवारी येतो आणि त्यांच्या उशाशी बसतो. परवा फळीची लांबी वाढवायची होती. ती कोणत्या बाजूने जोडावी, यावर माझं एक मत होतं. मी घसा खाकरला. तात्यांनी करवत खाली ठेवली आणि माझ्याकडे रोखून पाहत विचारलं,

"ठावं हाय, का नुसतं शिकलायस?"

मी करवत उचलली आणि परत त्यांच्याच हातात दिली.