सात वर्षांचं पाणी आणि चेअरमनचा दात

आमच्या गावात टँकरच्या रांगेत माणसं उभी राहत नाहीत, हंडे उभे राहतात. ज्याच्याकडे हंडा मोकळा नसेल तो आपल्या नावाचा दगड ठेवून कामाला जातो. किश्श्यांचंही तसंच होतं. कुणीतरी एक ठेवून जातं, त्याच्या मागे दुसरा येऊन लागतो, आणि बघता बघता रांग मारुतीच्या देवळापर्यंत जाते.

दुष्काळाच्या त्या उन्हाळ्यात ही रांग आमच्या ओट्यापासून सुरू व्हायची. टँकर पालीकडून यायचा. तिकडच्या धरणाचा तळ दिसायला लागल्यावर तो आणखी लांबून यायला लागला, म्हणजे वाट पाहणं वाढलं. आणि ओट्यावर माझे आजोबा, नाना. बीडच्या कोर्टात तीस वर्षं कारकुनी करून आलेले. गुन्हा साधा की गंभीर, त्याला शिक्षा किती, हे त्यांना पाढ्यांसारखं पाठ. पाणी कमी मिळालं तर त्यांना चालायचं, ऐकणारे कमी पडलेले चालत नसे.

मी कोपऱ्यात वही घेऊन बसायचे. मला चारचौघांत बोलता येत नाही, कान तापतात. पण माझं अक्षर बरं आहे, आणि नानांचा हात थरथरायला लागल्यापासून गावाचे अर्ज मीच लिहिते. गप्प मुलीसमोर लोक काहीही बोलतात, हा एक फायदा.

समोरच्या घरात गयाकाकू राहते. पंधरा वर्षं ती अंगणवाडीत मदतनीस होती आणि त्या उन्हाळ्यात सेविका होणार होती. फक्त पोलिसांकडून चारित्र्याचा दाखला यायचा राहिला होता.

"तवर माझ्यावर कलम लागू देऊ नका रे," असं ती रांगेतल्या सगळ्यांना बजावायची. आणि रांगेत सगळ्यांत आधी भांडायलाही तीच पुढे असायची.

*

एका सकाळी सुभद्राकाकू तक्रार घेऊन आली. तिच्या ड्रममधलं दोन घागरी पाणी कुणीतरी नेलं होतं.

"चोर घावला तर किती लागंल, नाना?"

"ड्रम कुठं होता?"

"बाहीर. रस्त्याच्या कडंला."

"उघड्यावरची साधी चोरी. तीन वर्षांपर्यंत."

"आन् घरातून गेलं असतं तर?"

"राहत्या घरातली चोरी वेगळी धरतात. सात वर्षांपर्यंत."

सुभद्राकाकू उठून गेली. थोड्या वेळानं ड्रम फरफटत नेल्याचा आवाज आला. उंबऱ्याशी तो अडकला, तेव्हा चौघांनी मिळून आत लोटला. घरात पाय ठेवायला जागा उरली नाही.

"कावून गं, ड्रम घरात?" गयाकाकूनं विचारलं.

"तीन वर्साचं पानी कशाला ठिवू? सात वर्साचं ठिवते."

तेव्हापासून आमच्या गल्लीत कुणी तांब्याभर पाणी मागायला आलं, की आधी विचारतं, "सात वर्साचं हाय का?"

*

एकदा टँकरवाल्यानं अर्धं पाणी सोडलं आणि पाइप गुंडाळायला घेतला. उरलेलं पाणी मांजरसुंब्याच्या एका धाब्यावर जायचं आहे, ही बातमी आमच्याकडे त्याच्या आधी पोहोचली होती. पाच जणी आडव्या गेल्या. गयाकाकूनं पाइप धरला. शांताबाईनं केबिनमध्ये चढून किल्लीच काढून घेतली.

नाना ओट्यावरून म्हणाले, "बायांनो, हे जबरी चोरीत बसतंय. आणि तुमी पाच जणी हायेत. चार असल्या तर जबरी चोरी, पाच झाल्या की दरोडा. दरोड्याला जन्मठेपेपर्यंत शिक्षा हाय."

गयाकाकूनं पाइप न सोडता सगळ्यांना मोजलं.

"शांते, तू घरी जा."

"मी कावून? किल्ली तर म्याच काढली."

"तुझ्यापायी आमा चौघींला जन्मठेप लागतीय. जा."

शांताबाई तोंड फुगवून गेली. उरलेल्या चौघींनी टँकर रिकामा होईपर्यंत पाइप सोडला नाही. मग टँकरवाला गाडीत चढला आणि तसाच खाली उतरला. किल्ली शांताबाईबरोबर गेली होती.

सगळे तिच्या दाराशी गेले. दार आतून बंद.

"मला परत मोजीत असाल तर देते," आतून आवाज आला.

*

आमच्या गावात सहकारी दूध संस्था आहे. त्या वर्षी संस्थेनं सभासदांच्या जनावरांसाठी कडबा आणला होता. वाटपाच्या वेळी धक्काबुक्की झाली आणि कुणाच्या तरी हातातली पेंढी दगडूमामांच्या पाठीत बसली. मामा कण्हत आमच्या ओट्यावर आले. मारणाऱ्यावर त्यांना मोठा गुन्हा हवा होता.

"हाड मोडलं का?" नानांनी विचारलं.

"न्हाई."

"दात पडला का? डोळा, कान काही गेलं का?"

"न्हाई ओ. पाठ दुखतीय."

"मग साधी दुखापत. एक वर्षापर्यंत. पण वीस दिवस जर माणसाला रोजचं काम करता आलं न्हाई, तर ती गंभीर होते. सात वर्षांपर्यंत जाते."

शेजारी चेअरमन बसले होते. ते दूध संस्थेचे माजी चेअरमन. पद जाऊन बरीच वर्षं झाली, तरी गाव त्यांना चेअरमनच म्हणतं. मिशा एवढ्या मोठ्या, की वरचा ओठ दिसत नाही. हसण्याची सवय नाही.

"नुसत्या दाताला सात वर्सं?" त्यांनी विचारलं.

"नुसत्या दाताला," नाना म्हणाले. मी ते वहीत लिहिलं नाही, पण ध्यानात ठेवलं.

दगडूमामांनी घरी जाऊन बाज धरली. वीस दिवस ते फक्त कूस बदलायला हलले. एकविसाव्या दिवशी जमादार चौकशीला आले. वच्छलामामी तेवढ्यात डोक्यावर हंडा घेऊन दारात शिरली.

"मामी, खरं सांगा," जमादारांनी विचारलं, "मारलं त्या दिवसापासून यांना रोजचं काम करता आलं का?"

मामीनं हंडा उतरवला, पदरानं तोंड पुसलं.

"खोटं कशाला बोलू सायेब? ह्यांला लगीन झाल्यापून जमलं न्हाई."

जमादारांनी वही मिटली.

*

माझी मैत्रीण वैशाली रविवारी आमच्या ओट्यावर येऊन बसायची. सोमवारी शाळेत तिचे तीन गुन्हे एकदम निघाले. टँकरमुळे उशीर, गृहपाठ नाही, आणि गणवेश दोन आठवडे न धुतलेला. मॅडमनी तीन शिक्षा दिल्या: मैदानाला दहा फेऱ्या, धडा तीनदा लिहिणे, आठवडाभर शेवटचा बाक.

वैशालीनं हात वर केला. "मॅडम, या शिक्षा एकत्र भोगायच्या, का एकापाठोपाठ एक?"

मॅडमनी तिच्याकडे पाहिलं, मग सावकाश माझ्याकडे पाहिलं. गावात नाना कुणाचे आजोबा आहेत हे त्यांना माहीत होतं.

"एकापाठोपाठ," त्या म्हणाल्या. "दोघींनीही."

तोंड न उघडता सहआरोपी कसं होता येतं, ते मी दहा फेऱ्यांत शिकले.

*

पुढे कायदाच बदलला आणि कलमांचे आकडे नवे आले. नाना दोन दिवस कुणाशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी ओट्यावर येऊन म्हणाले, "खुनाला तीनशे दोन म्हणायचं नाही. एकशे तीन म्हणायचं. चारशे वीसचाही नंबर गेला."

वच्छलामामीनं त्यांना धीर दिला.

"आकडा बदलू द्या, नाना. आपल्या गावातली चारशे वीस माणसं तीच हायेत."

*

आता त्या दुष्काळी उन्हाळ्यातलं चेअरमनचं सांगते.

टँकर येण्याआधी चेअरमननी आपल्या बारा घागरी रांगेच्या तोंडाशी आणून लावल्या. ही त्यांची जुनी सवय होती, संस्थेच्या माणसाचा पहिला मान म्हणून. त्यासाठी त्यांनी गयाकाकूचा हंडा उचलून बाजूला ठेवायला घेतला. काकूनं हंडा धरला. इकडून ओढ, तिकडून ओढ, आणि तिनं एकदम सोडला तेव्हा हंड्याचा काठ त्यांच्या तोंडावर बसला. ओठ फुटला. मिशीतून थोडं रक्त आलं. चेअरमन हात तोंडावर धरून घरी गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते ओट्यावर आले. खिशातून काडेपेटी काढून नानांसमोर उघडली. आत कापसावर एक दात होता.

"वरचा, डावीकडचा, फुडचा," ते म्हणाले. "नारायणगडाच्या देवाची शपथ, कालच्या हंड्यानं गेला. अर्ज लिवा. गंभीर दुखापत."

समोरून गयाकाकू आली होती. रांगेत कधी तिचा आवाज कमी झालेला मी ऐकला नव्हता, तो त्या दिवशी झाला.

"चेअरमन, मी पाया पडते. दाखल्याचा कागद पोलिसांत हाय. नुसता ओठ फुटला आसं लिवा, मी गुन्हा कबूल करते. दात लिवू नका."

"पडलेला दात मी कसा लपवू?"

नानांनी काडेपेटीत पाहिलं, काकूकडे पाहिलं. त्यांचाही चेहरा उतरला. दात म्हणजे दात, हे त्यांनीच उन्हाळाभर गावाला शिकवलं होतं.

"लिही," ते मला म्हणाले.

मी लिहायला लागले. 'वरच्या जबड्यातील डाव्या बाजूचा पुढील दात मुळासकट पडला असून तो पुराव्यादाखल काडेपेटीत जपून ठेवला आहे.' आणि माझा हात थांबला. हे वाक्य मी आधी लिहिलं होतं. 'मुळासकट'मध्ये अडखळले होते, तेही आठवलं.

नाना प्रत्येक अर्जाची नक्कल पत्र्याच्या पेटीत ठेवतात. मी उठून आत गेले. मी सातवीत असताना लिहिलेला चेअरमनचा एक अर्ज सापडला. संस्थेच्या सेक्रेटरीनं रागात दार आपटलं, त्यात वरचा डावा पुढचा दात पडला. त्याच्या खाली नानांच्या अक्षरातला, त्याहून जुना अर्ज होता. एसटीनं जोरात ब्रेक लावला, पुढच्या सीटवर तोंड आपटलं, दात तोच. दोन्ही प्रकरणं माफी मागून मिटली होती.

मी दोन्ही कागद नानांच्या मांडीवर ठेवले आणि जागेवर जाऊन बसले. कान तापले होते.

नानांनी चष्मा लावला. आधी जुना अर्ज मोठ्यानं वाचला, मग दुसरा, मग माझ्या हातातला अर्धवट तिसरा. तिन्हींत काडेपेटी होती. रांगेतल्या बायाही जवळ आल्या होत्या.

"चेअरमन," नाना अगदी कोर्टातल्या आवाजात म्हणाले, "मिशी जरा वर करता का?"

चेअरमननी मिशी वर केली नाही. ते स्वतःच्या चपलांकडे बघायला लागले.

"मग आता काय लिहायचं?" नानांनी विचारलं.

"ओठ फुटला आसं... न्हाई, ऱ्हाऊ द्या. काहीच नगं. फाडा."

मी कागद फाडला. गयाकाकू जिथं उभी होती तिथंच मातीत बसली आणि तिनं पदर तोंडाला लावला. ती रडत होती का हसत होती ते मला दिसलं नाही. तेवढ्यात टँकरचा हॉर्न वाजला आणि बाया हंड्यांकडे पळाल्या.

चेअरमन उठले. त्यांनी काडेपेटी उचलली, आतला कापूस बोटानं नीट केला आणि ती शर्टाच्या आतल्या खिशात ठेवली.

"आता ती कशाला जपताय?" नाना म्हणाले.

"ऱ्हाऊ द्या, नाना," चेअरमन ओट्याची पायरी उतरत म्हणाले. "दुष्काळ हाय. नवा दात कुठून आणायचा?"